तळीरामाचे काम

येत्या ३ मे रोजी जयंत सावरकर नव्वद वर्षांचे झाले असते. १९३६ साली गुहागरला जन्मलेले सावरकर २४ जुलै २०२३ रोजी ठाण्यात गेले, तेव्हा त्यांचे वय ८७ होते. त्यातली साठाहून अधिक वर्षे नाटकात गेली. हल्ली असा नट गेला की मथळ्यात त्याच्या नावामागे एखाद्या मालिकेचे किंवा हिंदी चित्रपटाचे नाव येते आणि पुढे 'फेम' हे शेपूट लागते. शंभरावर नाटके केलेल्या माणसाची ओळख त्याने चार दिवस चित्रीकरण केलेल्या कामावरून ठरावी, याचे आता कुणाला काही वाटत नाही. वाचकाने चेहरा चटकन ओळखावा एवढाच मथळ्याचा हेतू असतो आणि तो साधतो. मात्र त्यांच्या जिल्ह्यातल्या वर्तमानपत्राने तरी तेवढ्यावर थांबू नये.

नाट्यवर्तुळात सावरकर 'अण्णा' होते. अंगकाठी किरकोळ. नायकाला लागते ती उंची नाही, छाती नाही. विशीच्या आसपास ते नाटकाकडे वळले ते बॅकस्टेजला. विंगेतले काम आधी आणि रंगमंच नंतर, हा क्रम त्या पिढीतल्या अनेकांचा होता आणि त्याचा फायदा जन्मभर पुरायचा. विंगेत उभा राहून ज्याने नाटक पाहिले त्याला सगळ्यांच्या भूमिका पाठ असतात. कुठल्या वाक्याला प्रेक्षक हसतो, कुठे खोकतो, कुठल्या प्रवेशात नायक दमलेला असतो आणि समोरच्याने वेग सांभाळावा लागतो, हे त्याला शिकवावे लागत नाही. पुढे नटवर्य मामा पेंडसे यांचे ते जावई झाले. म्हणजे घरातही नाटकच, आणि तेही कडक शिस्तीचे.

या नटाने केले काय, हे सांगायचे तर 'एकच प्याला'पासूनच सुरुवात करावी लागते. राम गणेश गडकरी २३ जानेवारी १९१९ रोजी गेले आणि त्यानंतर महिन्याभरात गंधर्व नाटक मंडळीने हे नाटक बडोद्याला रंगभूमीवर आणले. सिंधू बालगंधर्वांची, सुधाकर गणपतराव बोडसांचा, हे नाटकाची थोडीफार आवड असलेला कुणीही सांगेल. पहिला तळीराम कोणी केला, असे विचारले तर नाट्यवेडाही क्षणभर थांबतो. पुढच्या शंभर वर्षांत हे नाटक जेव्हा जेव्हा उभे राहिले तेव्हा जाहिरातीतली मोठी अक्षरे सिंधूला आणि सुधाकरालाच मिळाली. आणि तरीही 'तळीराम' हे विशेषनाम मराठी माणसाने केव्हाच सामान्यनाम करून टाकले. गल्लीतल्या दारुड्याला कोणी सुधाकर म्हणत नाही.

सावरकरांची सर्वाधिक गाजलेली भूमिका या तळीरामाची. तिचे काम नीट पाहण्यासारखे आहे. सुधाकर हुशार, मानी वकील. मुन्सफाशी खटका उडून सनद जाते आणि त्या अपमानाने तो पेटलेला असतो. त्या घटकेला त्याच्याजवळ असतो त्याचा कारकून तळीराम, आणि पहिला प्याला पुढे येतो तो त्याच्या हातून. आता समजा, तळीराम करणाऱ्या नटाने पात्र काळेकुट्ट रंगवले, डोळे वटारले, कपटी हसू आणले. मग समोर बसलेल्या प्रेक्षकाला सुधाकर मूर्ख वाटतो. एवढा शिकलेला माणूस, याला इतकेही कळू नये? उलट तळीरामाने हशे गोळा करण्याचा सपाटा लावला तर नाटकाचा फार्स होतो आणि सिंधूच्या रडण्याला कुणी विचारत नाही. तळीराम असा हवा की त्याच्या हातचा प्याला आपणही घेतला असता, असे वाटले पाहिजे. गोड बोलणारा, तर्कट लढवणारा, मालकावर खरोखरच जीव असलेला. 'आर्य मदिरा मंडळा'च्या बैठकीत प्रेक्षकाने पोट धरून हसावे आणि पुढे तोच तळीराम खाटेवर पडलेला असताना, वैद्य आणि डॉक्टर त्याच्या उशाशी भांडत असताना, हसता हसता त्याचा घास अडकावा. सुधाकराच्या अध:पतनाची उंची तळीराम ठरवतो, पण टाळ्या सुधाकराला मिळतात. हे मान्य करून रोज रात्री ते काम चोख करणे, याला आम्ही सहायक नटाचा धंदा म्हणतो. धंदा हा शब्द इथे आदराने वापरला आहे.

अण्णांच्या नाटकांची यादी चाळली तर एक गोष्ट लक्षात येते. तिच्यात मराठी रंगभूमीचे सगळे काळ आणि सगळे प्रकार आहेत. 'मृच्छकटिक', 'सौभद्र', 'भावबंधन', 'बेबंदशाही' ही जुनी घराणी. कानेटकरांची 'हिमालयाची सावली' आणि 'सूर्याची पिल्ले', दळवींचे 'सूर्यास्त', सबनिसांचे 'सौजन्याची ऐशी तैशी', पुलंचे 'तुझे आहे तुजपाशी'. शिवाय 'अलीबाबा चाळीस चोर'सारखी बालनाट्ये. 'अपराधी'त ते खलनायक होते. अत्र्यांच्या 'लग्नाची बेडी'त त्यांनी अवधूतही केला आणि गोकर्णही. हे नाटक १९३६चे, म्हणजे अण्णांच्याच वयाचे. एकाच नाटकात वेगवेगळ्या वेळी दोन वेगळी पात्रे करणे हे नायकाच्या वाट्याला सहसा येत नाही. त्याची भूमिका ठरलेली आणि वय उलटले तरी सुटत नाही. दुय्यम भूमिका करणाऱ्याला ही मोकळीक असते. तरुणपणी मित्र, मग भाऊ, मग मामा, मग सासरा, मग आजोबा. वय वाढते तसे त्याचे काम वाढते.

याच मोकळिकीमुळे हे नट दीर्घायुषी ठरतात. नायकाची कारकीर्द पंधरा-वीस वर्षांची, यांची पन्नास-साठ. ऑगस्ट २०२५मध्ये दहा दिवसांच्या अंतराने असेच दोघे गेले. अच्युत पोतदार यांनी नव्वदी गाठली होती. सैन्य आणि इंडियन ऑइलची नोकरी करून चाळिशी उलटल्यावर ते चित्रपटांत आले आणि सव्वाशेच्या घरात चित्रपट करून गेले. बाळ कर्वे ९५ वर्षांचे होते. मुंबई महापालिकेत दिवसा नोकरी, संध्याकाळी तालीम, आणि दूरदर्शनवरच्या चिमणरावांचा गुंड्याभाऊ म्हणून घरोघरी ओळख. या मंडळींना नोकरीने जगवले आणि नाटकाने जिवंत ठेवले. सकाळी मस्टरवर सही, रात्री तिसऱ्या घंटेला विंगेत हजर, मधल्या वेळेत लोकल. आजच्या मालिकांत महिन्याचे पंचवीस दिवस चित्रीकरण करणाऱ्या पोरांना हे अशक्य वाटेल आणि त्यांचे बरोबरही आहे. ती नोकरी आता नाही आणि ती संध्याकाळही उरलेली नाही.

आता अंतू बर्व्याकडे येऊ. रत्नागिरीकर त्याची वाट पाहत असणार.

पुलंच्या 'व्यक्ती आणि वल्ली'ची पात्रे रंगमंचावर आली तेव्हा सावरकरांकडे त्यातली दोन आली. एक हरितात्या आणि दुसरा अंतू बर्वा. रत्नागिरीच्या मधल्या आळीतला हा म्हातारा मराठी साहित्यातला बहुधा सर्वांत पाठ असलेला माणूस. नटाच्या दृष्टीने हे वरदान नसून मोठे संकट आहे. प्रेक्षकांना वाक्ये तोंडपाठ, आणि ती कुणाच्या आवाजात? खुद्द पुलंच्या. अभिवाचनाच्या ध्वनिफिती ऐकून दोन पिढ्यांच्या कानांत तो आवाज, ती हेल, तो थांबा बसलेला आहे. नटाने जरा वेगळे केले की 'हा नव्हे तो', आणि तसेच केले की 'ही तर नक्कल'. आमच्याकडे तर आणखी एक अडचण. रत्नागिरीत लग्नाच्या मांडवापासून बँकेच्या निवृत्ती समारंभापर्यंत कुठेही अंतू बर्वा करून दाखवणारा एक तरी निघतोच. अनुनासिक बोलायचे, मान तिरपी करायची, खवचट हसायचे की झाले. या हौशी अंतूंना एकच गोष्ट जमत नाही. अंतूचा तिरकसपणा हे त्याच्या दारिद्र्याचे आणि एकटेपणाचे पांघरूण आहे. बायको गेलेली, मुलगा मुंबईला, घरात अंधार, आणि त्या अंधारावरही तो विनोद करतो. विनोद सगळ्यांना येतो, अंधार दाखवायला नट लागतो.

सावरकर गुहागरचे. ही बोली त्यांना शिकायची नव्हती. ती चेष्टेची वस्तू नाही, घरात जेवताना बोलायची भाषा आहे, हे त्यांना जन्मापासून ठाऊक. आयुष्यभर दुसऱ्याच्या वाक्याला आधार देण्याची सवय असलेल्या नटाला आणखी एक गोष्ट येते. हशा येणार हे माहीत असूनही तो त्याच्याकडे धावत जात नाही. अंतूला हे फार लागते. कारण अंतू विनोद करीत नसतो, तो बोलत असतो. ऐकणारे हसतात ही त्यांची गोष्ट. आमच्या मते अण्णांच्या दोन मोठ्या भूमिका, तळीराम आणि अंतू, एकाच जातीच्या आहेत. दोघेही हसवतात आणि दोघांनाही आपण हसवतो आहोत हे ठाऊक असल्याचे दाखवता येत नाही.

पडद्यावरही त्यांना हेच उपयोगी पडले. 'युगपुरुष', 'वास्तव', 'सिंघम' या हिंदी चित्रपटांत, 'हरिओम विठ्ठला', '६६ सदाशिव' अशा मराठी चित्रपटांत ते दिसले. सगळे मिळून तीसेक चित्रपट भरतात. बऱ्याच ठिकाणी एखाददुसरा प्रवेश. पण २०२० सालच्या 'समांतर' या वेबमालिकेत त्यांनी केलेला ज्योतिषी आठवून पाहा. सुहास शिरवळकरांच्या कादंबरीवरची ही गोष्ट त्या ज्योतिष्याच्या एका वाक्यावर उभी आहे. तुझ्यासारखेच आयुष्य दुसरा माणूस आधी जगून गेला आहे, असे तो नायकाला सांगतो. हे वाक्य प्रेक्षकाला भोंदू वाटले तर पुढचे सगळे भाग वाया. ऐंशी उलटलेल्या नटाने ते कुठलाही जंतरमंतर न करता, दुकानदाराने भाव सांगावा तसे सांगितले, आणि मालिका चालली. ज्या तरुणांनी आयुष्यात संगीत नाटक पाहिलेले नाही त्यांना सावरकर माहीत आहेत ते या म्हाताऱ्यामुळे. 'फेम'वाल्या मथळ्यांवर आम्ही वर जरा कडक बोललो, पण एवढे त्यांच्या बाजूने मान्य करायला हवे.

त्यांच्या आत्मचरित्राचे नाव 'मी एक छोटा माणूस'. हे नाव कुणी शब्दश: घेऊ नये. कोकणातला माणूस स्वत:ला छोटा म्हणतो तेव्हा समोरच्याने ते खोडून काढावे अशी थोडीशी अपेक्षा असते, हे आपण सारेच जाणतो. आणि छोट्या माणसांच्या नम्रतेचे कौतुक करणे इतरांना सोयीचेही असते. नम्र माणूस नाइट वाढवून मागत नाही. जाहिरातीत नाव कुठल्या ओळीत आहे ते पाहत नाही. ताप असला तरी दौऱ्याच्या बसमध्ये चढतो. आमच्या रंगभूमीचे अर्थकारण बरीच वर्षे अशा नम्रतेवर चालले आहे. नायक-नायिकेच्या नावावर बुकिंग होते, म्हणून त्यांना जास्त मिळावे, यात गैर काही नाही. पण प्रयोग बंद पडला की त्यांच्याकडे दुसरे काहीतरी असते आणि बाकीच्यांकडे नसते. राज्य सरकारने वृद्ध कलावंतांचे मानधन २०२४ साली सरसकट महिना ५,००० रुपये केले. त्याआधी त्याहून कमी होते, म्हणून वाढ म्हणायची. एका आजारी माणसाच्या महिन्याच्या औषधांना तेवढे पुरतील की नाही, हे ज्याच्या घरात म्हातारे आहेत त्याला विचारावे.

सावरकरांना मात्र मान मिळाला, हे नोंदवले पाहिजे. २०१७ साली उस्मानाबादला भरलेल्या ९७व्या अखिल भारतीय मराठी नाट्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. त्याआधीच्या वर्षी ठाण्याच्या ९६व्या संमेलनाचे अध्यक्षपद गंगाराम गवाणकरांकडे होते, राजापूर तालुक्यातल्या माडबनचे, 'वस्त्रहरण'चे. म्हणजे लागोपाठ दोन अध्यक्ष रत्नागिरी जिल्ह्याचे. या योगायोगाची जिल्ह्यात म्हणावी तशी चर्चा झाली नाही. गवाणकरही २०२५च्या ऑक्टोबरात गेले.

हा जिल्हा नटांच्या बाबतीत उधळा आहे. चिपळूणने डॉ. काशिनाथ घाणेकर दिले. त्यांचे नाव घोषणेत सगळ्यांत शेवटी यायचे, आधी एक 'आणि', मग थांबा, मग नाव, आणि प्रेक्षागृह शिट्ट्यांनी भरायचे. त्या घोषणेत 'आणि'च्या आधी जी सहा-सात नावे भराभर वाचली जायची, ती आज कोणाला आठवतात? पुढे २०१८ साली त्या 'आणि'वरून एका चित्रपटाचे नाव ठेवले गेले, आणि ते योग्यच होते. प्रश्न आधीच्या सहा-सातांचा आहे. देवरूखचे वैभव मांगले आज रंगभूमीवर आणि पडद्यावर आहेत आणि नायक नसतानाही नाटक खांद्यावर कसे घेता येते ते दाखवत आहेत. त्यांच्या मागे राज्य नाट्य स्पर्धेच्या रत्नागिरी केंद्रावर दरवर्षी उभी राहणारी शेकडो मुले आहेत. त्याहूनही मागे शिमग्याचे नमन आहे. मृदुंग वाजतो, गण होतो, गौळण येते, आणि काळ्या पोशाखात, उंच टोपी नि पांढरी दाढी लावून संकासुर नाचत येतो. पोरे त्याला घाबरतात आणि त्याच्याच मागे धावतात. मुखवट्याआडचा माणूस कोण हे गावाला माहीत असते. तो वीस वर्षे, तीस वर्षे तेच करतो. गावाबाहेर त्याचे नाव कधी छापून येत नाही.

गुहागर-दापोली-संगमेश्वरच्या चाकरमान्यांनी मुंबईत हीच हौस नेली. गिरगावात साहित्य संघ मंदिर, परळला दामोदर हॉल, रविवारची सकाळ, गावच्या मंडळाचा प्रयोग, तिकिटे नातेवाइकांच्या गळ्यात. त्या प्रयोगांत नायक बहुतेक वेळा वर्गणी जास्त देणारा असायचा, आणि नाटक तोलून धरायचा तो मामा किंवा गडी झालेला कोणी गिरणी कामगार. हे आम्ही थट्टेने लिहीत नाही. ज्यांनी ते प्रयोग पाहिले आहेत ते हसून मान डोलावतील.

या सगळ्यांची नोंद कुठे आहे? मोठ्या नटांची चरित्रे निघतात, गौरवग्रंथ निघतात. नाट्यगृहांना नावे दिली जातात. आमच्या शहरातल्या नाट्यगृहालाही सावरकरांचेच नाव आहे, स्वातंत्र्यवीर सावरकरांचे, आणि ते या जिल्ह्याच्या इतिहासाला धरून आहे. तिथे दुसऱ्या सावरकरांचे तैलचित्र लावा, असा आग्रह आम्ही धरणार नाही. तैलचित्रांवर धूळ बसते आणि त्यांच्याखाली बसून लोक चहा पितात. त्यापेक्षा उपयोगाचे काम वेगळे आहे. नाटक संपले की ते संपते. उरतात ती हॅण्डबिले, वर्तमानपत्रांतल्या जाहिराती, तालमीच्या वह्या, ग्रुप फोटो. नायकाची आठवण त्यांच्याशिवायही राहते, दुसऱ्या-तिसऱ्या ओळीतल्या नटाचा मात्र तेवढाच पुरावा असतो. १९६०-७०च्या दशकातल्या एखाद्या प्रयोगात कोणती भूमिका कोणी केली होती हे शोधायला बसले की पहिली तीन नावे लगेच मिळतात आणि मग 'इतर कलाकार' असे दोन शब्द येतात. अण्णांसारख्या माणसाच्या कारकिर्दीची पहिली पंधरा-वीस वर्षे या दोन शब्दांत गेली असणार.

म्हणून ३ मेच्या निमित्ताने एक विनंती. जिल्ह्यात अनेक घरांत माळ्यावर, ट्रंकेत, देवघराच्या कपाटात नाटकाची जुनी कागदपत्रे पडून आहेत. गावच्या मंडळाची, मुंबईच्या कंपनीच्या दौऱ्याची, गणपतीतल्या हौशी प्रयोगाची, नमनाच्या फडाची. यंदा मे महिन्यात मुंबईकर मंडळी घरी येतील, घर झाडतील, आणि रद्दीवाला दारात उभा असेल. तेव्हा ती कागदपत्रे बाजूला काढा. फोटोच्या मागे नावे नसतील तर घरातल्या सर्वांत म्हाताऱ्या माणसाला विचारून आजच पेन्सिलने लिहा. पुढच्या वर्षी विचारायला तो माणूस असेलच असे नाही. रत्नागिरीचे नगर वाचनालय १८२८ पासून चालू आहे. जिल्ह्यातल्या इतर वाचनालयांनी आणि नाट्यसंस्थांनी त्याच्या बरोबरीने या कागदांसाठी एक कपाट मोकळे करावे आणि प्रत्येक प्रयोगाची पूर्ण श्रेयनामावली उतरवून ठेवावी. कपाट मिळेपर्यंत या अंकाच्या संपादकीय विभागाकडे कागदाची छायाप्रत पाठवली तरी चालेल. मूळ कागद स्वत:जवळच ठेवा, आणि पात्रांची नावे शेवटच्या शिपायापर्यंत सगळी लिहा.